मालेगांवचा सुपरमॅन आणि त्याची मंडळी

चित्रपट संपून पडद्यावर नांवांची यादी सरकूं लागली, म्हणजे आपल्याकडील प्रेक्षक खुर्ची सोडून दाराकडे वळतो. ही यादी बसून वाचण्यासारखी वस्तु आहे, असें फार थोड्यांस वाटतें. आणि याबद्दल प्रेक्षकांस बोल लावण्याचेंही कारण नाहीं. कोट्यवधि रुपये खर्चून काढलेल्या अलीकडील अद्भुतपटांत अशीं शेंकडों नांवें असतात. कोणी आकाशांतला ढग रंगविलेला असतो, कोणी नायकाच्या अंगरख्याची सुरकुती यंत्रांत हलविलेली असते. हीं माणसें एकमेकांस कधीं भेटलीं होतीं कीं नाहीं, हेंही सांगवत नाहीं. परंतु कांहीं थोडे चित्रपट असे असतात कीं, त्यांच्या बाबतींत ही यादी हाच टीकाकाराचा मुख्य विषय होऊन बसतो. पैसा थोडा, माणसें थोडीं, आणि कल्पना मात्र आकाशाला हात लावणारी, अशी जेथें स्थिति असते, तेथें कोणीं काय केलें हें समजल्यावांचून काय निर्माण झालें हें समजतच नाहीं. नाशिक जिल्ह्यांतील मालेगांव येथें निघालेला 'मालेगांव का सुपरमॅन' हा असा एक चित्रपट आहे. त्याच्या मंडळीविषयीं येथें लिहावयाचें योजिलें आहे.

'मंडळी' हा शब्द आम्हीं बुद्ध्याच घेतला आहे. किर्लोस्कर मंडळी, गंधर्व मंडळी हीं नांवें ज्यांच्या कानांवरून गेलीं आहेत, त्यांस या शब्दाची व्याप्ति सांगावयास नको. रंगभूमीवर उभा राहणारा नट, पडदा ओढणारा गडी, पेटीवाला, रंगपटांतील माणूस, इतकेंच काय, पण सर्वांस जेवूं घालणारा आचारीसुद्धां त्या एका शब्दांत सामावत असे. आजच्या चित्रपटव्यवसायानें नटवर्ग आणि कारागीरवर्ग अशी फाळणी करून दोहोंमध्यें एक उंच भिंत उभारली आहे. मालेगांवच्या लोकांस ही भिंत परवडण्यासारखी नव्हती. म्हणून त्यांच्या चित्रपटाचें परीक्षण करितांना आपणांसही जुनाच शब्द उपयोगीं पडतो.

मालेगांव मोसम नदीच्या कांठीं वसलें आहे. गिरणाही जवळूनच वाहते व पुढें खानदेशांत उतरून तापीस मिळते. शहराचा पोटापाण्याचा धंदा म्हणजे यंत्रमाग. १८५७ च्या धामधुमीनंतरच्या काळांत उत्तर हिंदुस्थानांतून आलेल्या विणकरांच्या वंशजांची येथें मोठी वस्ती आहे. त्यांची बोली उर्दू, आठवड्याची सुटी शुक्रवारची, आणि सुटीचा ठरलेला विरंगुळा म्हणजे चित्रपट. नंदुरबार जिल्ह्यांतील कळसाडीसारख्या लहान गांवाहून पाहिलें तर मालेगांव हें भलें मोठें शहर ठरतें. मुंबईहून पाहिलें तर तें अडीचशें किलोमीटरांहून अधिक दूर असलेलें, एरवीं कोणाच्या ध्यानांतही न येणारें एक ठिकाण. ता. ८ सप्टेंबर २००६ आणि ता. २९ सप्टेंबर २००८ या दोन दिवशीं झालेल्या बाँबस्फोटांनीं त्याचें नांव देशभर झालें. परंतु तसल्या प्रसिद्धीची इच्छा कोणत्याही गांवानें करूं नये. त्याच सुमाराला या गांवांतील कांहीं तरुण एका उडणाऱ्या वीराची कथा चित्रित करण्यांत गुंतले होते, ही गोष्ट फारच थोड्यांस ठाऊक होती.

या मंडळीचे सूत्रधार नासिर शेख. चित्रपटविद्येचें रीतसर शिक्षण त्यांस मिळालेलें नव्हतें. ते व्हिडिओगृह चालवीत. आणि रोज लोकांस चित्रपट दाखविणाऱ्या माणसाला प्रेक्षक कोठें हंसतो व कोठें चुळबुळ करूं लागतो, हें आयतेंच पाहावयास मिळतें. दोन व्हीसीआर एकमेकांस जोडून, एकावरील दृश्य हवें तेवढेंच दुसऱ्यावर उतरवून घेत त्यांनीं संकलनाची कला हस्तगत केली. सन २००० मध्यें त्यांनीं सुमारें ५०,००० रुपयांत 'मालेगांव के शोले' हा चित्रपट काढला. रमेश सिप्पी यांच्या १९७५ च्या प्रसिद्ध 'शोले'ची ती थट्टेखोर नक्कल होती. मूळ चित्रपटांतील दरोडेखोर घोड्यांवरून येतात. मालेगांवचे सायकलींवरून आले. घोडा परवडत नाहीं म्हणून सायकल घेतली, इतकें तर खरेंच. परंतु सायकल आल्याबरोबर तो दरोडेखोर मालेगांवचा झाला, आणि प्रेक्षकांनीं त्यास आपला म्हणून ओळखलें. पुढें या शहरांतून असे अनेक चित्रपट निघाले, त्याचें बीज या एका अदलाबदलींत आहे. जी वस्तु मिळत नाहीं तिच्या जागीं खोटी वस्तु न ठेवतां आपल्या दारांतली खरी वस्तु ठेवावी, हा या मंडळीचा पहिला नियम दिसतो.

'सुपरमॅन'च्या वेळीं हा नियम मोठ्या कसोटीला लागला. सुपरमॅन हें १९३८ सालीं अमेरिकन चित्रमासिकांत जन्मलेलें पात्र. परग्रहावरून आलेला, गोळीनें न मरणारा आणि आकाशांतून उडणारा हा वीर १९७८ च्या अमेरिकन चित्रपटांत अवतरला, तेव्हां माणूस खरोखरच उडतो आहे असें भासविणें हीच त्या चित्रपटाची मुख्य प्रतिज्ञा होती. तिच्यासाठीं तारा, पडदे आणि नवीं नवीं यंत्रें यांवर पाण्यासारखा पैसा ओतला गेला. मालेगांवांत उडावयाचें कोणीं? तर यंत्रमागावर काम करणाऱ्या शफीक शेख या किरकोळ बांध्याच्या तरुणानें. अमेरिकन वीराचें भरदार शरीर त्यांच्यापाशीं नव्हतें. त्यांच्या पोषाखांतील लाल चड्डीची नाडी पुढें लोंबत असे. कथालेखन फरोग जाफरी यांचें, खलनायक अक्रम खान, आणि या सर्वांस हांकून नेणारे नासिर शेख. कथेंतील योजनाही पाहण्यासारखी आहे. मालेगांवच्या धुरानें व धुळीनें या अजिंक्य वीराला दम लागतो. आणि त्याचा वैरी कोण, तर घाणीवर प्रेम करणारा. परग्रहावरून आलेल्या पुरुषाला जें कोणत्याही शत्रूनें केलें नाहीं तें मालेगांवच्या हवेनें केलें! नगरपालिकेच्या कारभारावर लिहिलेल्या कित्येक अग्रलेखांपेक्षां ही एक कल्पना अधिक बोचरी आहे, आणि ती बोचते ती हंसवून.

आतां उड्डाणाची कारागिरी पाहूं. हिरव्या कापडापुढें माणसाला उभें अगर आडवें करून त्याचें चित्र घ्यावयाचें, आणि मागाहून संगणकाकडून तेवढा हिरवा रंग गाळून त्या जागीं आकाश किंवा घरांचीं छपरें बसवावयाचीं, ही आज सर्वत्र रूढ असलेली युक्ति आहे. मनुष्याच्या कातडीच्या रंगांत हिरव्याचा अंश अल्प, म्हणून हिरवें कापड सोयीचें. सुपरमॅनचा निळा-तांबडा वेषही या कामीं अनुकूल. ही युक्ति नासिर शेख यांनीं आपल्या हिकमतीनें आत्मसात केली. परंतु कापड टांगल्यानें माणूस उडत नाहीं. त्याला आडवें तोलून धरावें लागतें, त्याचा अंगरखा वाऱ्यावर फडफडावा लागतो, आणि त्यानें स्वतः तोंडावर वीरश्री ठेवून तसेंच निश्चल राहावें लागतें. सरकत्या दृश्यासाठीं कॅमेरा घेऊन सायकलीवर बसावयाचें, आणि उंचावरून खालीं येणाऱ्या दृश्यासाठीं बैलगाडीचा उपयोग करावयाचा, असा सगळा प्रकार. एकदां तर कॅमेराच पाण्यांत पडला, आणि सगळ्या कामाचा खोळंबा झाला. मोठ्या कंपनीच्या हिशेबांत अशा अपघाताची एक ओळ लिहिली जाते. येथें मात्र एकुलता एक कॅमेरा बिघडला म्हणजे सारा उद्योगच थांबतो.

दारिद्र्यांतून काढलेली वाट हीच पुढें राजमार्ग होते, याचें जगांतील ठळक उदाहरण जपानचें आहे. सन १९५४ मध्यें तोहो कंपनीनें 'गोजिरा' हा चित्रपट काढला. अणुबाँबच्या चाचण्यांनीं जागा झालेला एक प्रचंड प्राणी तोकियो शहर तुडवितो, अशी ती कथा. दिग्दर्शक इशिरो होंडा, आणि चमत्कृतिदृश्यांचे कर्ते एइजी त्सुबुराया. अमेरिकेंत १९३३ मध्यें 'किंग काँग' निघाला होता. त्यांतील वानर लहान बाहुल्या तसूतसूनें हलवून चालविला होता. त्सुबुराया यांस तीच रीत हवी होती. परंतु तितका वेळ आणि तितका पैसा नव्हता. जपानी मानानें हा चित्रपट मुळींच स्वस्त नव्हता, तरी अमेरिकन वैभवापुढें तो गरीबच. तेव्हां त्यांनीं रबरी कातड्यांत एका माणसाला घातलें व त्याच्या भोंवतीं तोकियोचीं खेळण्याएवढीं घरें बांधलीं. तो माणूस म्हणजे हारुओ नाकाजिमा. पहिलें कातडें सुमारें १०० किलो वजनाचें. त्यांत दिव्यांच्या उष्णतेनें जीव कासावीस होई. प्राणिसंग्रहालयांत जाऊन त्यांनीं मोठ्या जनावरांची चाल अभ्यासिली, आणि १९७२ पर्यंत हें काम केलें. छायालेखक यंत्र वेगानें फिरवून चित्र घेत, म्हणजे पडद्यावर तीच हालचाल संथ आणि जड दिसे. त्या प्राण्याची डरकाळीही संगीतकार अकिरा इफुकुबे यांनीं राळ लावलेला चामडी हातमोजा एका मोठ्या तंतुवाद्याच्या तारांवर घासून मिळविली. हें सर्व तडजोडीनें झालें. पण त्या तडजोडीचीच पुढें एक कला बनली, आणि कातड्याआडच्या माणसाची चाल ही त्या प्राण्याची खरी चाल म्हणून जगानें मानली. नाकाजिमा यांचें तोंड मात्र त्या कामांत कोणासही दिसलें नाहीं.

इतक्या दूर जावयाचेंही वस्तुतः कारण नाहीं. ज्या नाशिक जिल्ह्यांत मालेगांव आहे, त्याच जिल्ह्यांतील त्र्यंबकेश्वर येथें १८७० सालीं दादासाहेब फाळके जन्मले. त्यांनीं आधीं कुंडींत वाटाणा पेरून, त्याचें एकेक चित्र घेत, त्याच्या वाढीचा लहानसा पट तयार केला. कोंब डोळ्यांदेखत वर येतो, हा आपल्याकडील पहिला यांत्रिक चमत्कार. आणि तो एका घराच्या खोलींत घडला. 'राजा हरिश्चंद्र' १९१३ च्या मे महिन्यांत लोकांपुढें आला तेव्हां त्यांतील तारामती अण्णा साळुंके हे होते. उपाहारगृहांत काम करणारा हा पुरुष. स्त्रिया मिळेनात म्हणून त्यांस लुगडें नेसावें लागलें. रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. सरस्वतीबाई फाळके फितीला भोंकें पाडीत, रसायनें कालवीत, उन्हांत पांढरी चादर धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडीत, आणि सगळ्या मंडळीचा स्वयंपाकही करीत. पुढें १९१७ च्या 'लंकादहना'त साळुंके यांनीं राम आणि सीता ह्या दोन्ही भूमिका केल्या. मालेगांवकडे पाहून ज्यांस नवल वाटतें, त्यांनीं हें ध्यानांत घ्यावें कीं, हिंदी चित्रपटाचा पायाच असल्या घरगुती मंडळीनें घातलेला आहे. मालेगांवचे तरुण त्या परंपरेचे वारस आहेत. परंपरेचें नांव त्यांनीं घेतलें वा न घेतलें, कामाची पद्धति तीच.

येथपर्यंत लिहिल्यावर स्तुतीला थोडा आवर घालणें अवश्य आहे. कारण दारिद्र्याची स्तुति करणें हा सुखवस्तु टीकाकारांचा एक आवडता दोष आहे. पैसा नाहीं म्हणून काम चांगलें झालें, असें म्हणणें म्हणजे उपाशी माणसाच्या सडसडीत बांध्याचें कौतुक करण्यासारखेंच होय. साधनें तोकडीं असलीं म्हणजे योजना अधिक कसोशीची हवी. या बाबतींत जपानचेंच दुसरें, अगदीं अलीकडचें उदाहरण मालेगांवास उपयोगी पडेल. क्योतो येथील 'युरोप किकाकु' या नाटकमंडळीनें २०२० मध्यें एक लहानसा विज्ञानपट काढला. मकोतो उएदा यांची कथा, जुंता यामागुची यांचें दिग्दर्शन. एका उपाहारगृहाच्या मालकाला आपल्या खोलींतील पडद्यावर दोन मिनिटें पुढचें भविष्य दिसूं लागतें, एवढीच कल्पना. चित्रण मोबाइल फोननें केलेलें. जागा एक उपाहारगृह आणि त्यावरील मजले. लांबी सुमारें ७० मिनिटें. आणि सारें एका दमांत घडल्याचा भास. यांत यंत्राचा चमत्कार जवळजवळ नाहींच. चमत्कार आहे तो घड्याळाचा. आतां पडद्यावर बोललेलें वाक्य दोन मिनिटांनीं प्रत्यक्षांत तसेंच्या तसें यावयास हवें. एक नट चार क्षण चुकला कीं सगळा डोलारा कोसळला. वर्षानुवर्षें एकत्र नाटकें केलेल्या मंडळीवांचून हें साधणें नाहीं. त्यांच्यापाशीं पैसा नव्हता, पण तालीम होती.

मालेगांवच्या मंडळीला ही तालीम दुर्मिळ. रोज मागावर राबणाऱ्या अगर दुकान सांभाळणाऱ्या माणसांना सुटीच्या वेळीं नट व्हावयाचें असतें. त्यामुळें कथेची वीण कोठें कोठें सैल राहते, प्रसंग एकमेकांस धरून येत नाहींत, आणि विनोदाचा भार मूळ चित्रपटाच्या ओळखीवर पडतो. ज्यानें 'शोले' पाहिला नाहीं त्याला 'मालेगांव के शोले' अर्धाच कळणार. 'सुपरमॅन' या दृष्टीनें वरच्या पायरीवर आहे. दम लागणारा सुपरमॅन समजण्यास अमेरिकन चित्रपट पाहिला असण्याची गरज नाहीं, मालेगांवची हवा घेतलेली असली म्हणजे पुरे. दुसरी उणीव याहून गंभीर आहे. या मंडळींत गांवांतील स्त्री नाहीं. नायिका बाहेरगांवाहून आणावी लागली. फाळक्यांनीं १९१३ सालींच 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटांत दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांस उभें केलें होतें. त्यानंतर जवळजवळ शंभर वर्षांनीं त्याच जिल्ह्यांतील एका शहरांत ही अडचण जशीच्या तशी उभी असावी, ही गोष्ट हंसण्यावारीं नेण्यासारखी नव्हे. जी मंडळी घाणीवर, धुरावर हंसूं शकते, तिला आपल्याच उंबरठ्याआंतील या बंधनावर हंसतां आलें नाहीं. तेथें त्या विनोदाची सीमा आहे.

आतां प्रश्न आपल्या हंसण्याचा. लोंबती नाडी आणि तोलून धरलेला सुपरमॅन पाहून मालेगांवचा प्रेक्षक हंसतो, तो आपल्या गल्लींतला ओळखीचा माणूस आकाशांत गेलेला पाहून हंसतो. त्यांत अभिमान आहे. मुंबई-पुण्याचा शिकलेला प्रेक्षक त्याच दृश्यास हंसतो तेव्हां त्यांत पुष्कळदां दुसरेंच कांहीं असतें. 'बिचारे किती प्रामाणिकपणें करीत आहेत!' हा उद्गार वरून दिसावयास प्रेमळ, परंतु तो बरोबरीच्या माणसाविषयीं कोणी काढीत नाहीं. या दोन हास्यांतील अंतर ओळखणें, ही अशा चित्रपटांविषयीं बोलणाराची पहिली जबाबदारी होय.

ती जबाबदारी फैजा अहमद खान यांनीं चांगली पार पाडली आहे. 'मालेगांव का सुपरमॅन' तयार होत असतां त्यांनीं त्या खटपटीचाच एक अनुबोधपट घेतला. 'सुपरमेन ऑफ मालेगांव' हें त्याचें नांव, साल २००८. आणि आपल्याकडील चित्रपटगृहांत तो जून २०१२ मध्यें लागला. आज बाहेरच्या जगाला सुपरमॅनची ही मंडळी ठाऊक आहे, ती बहुतांशीं या तासाभराच्या अनुबोधपटामुळें. त्याचें नांवच पाहा: एका सुपरमॅनचे त्यांनीं अनेक केले. फैजा खान यांचा कॅमेरा कोणाचीही कींव करीत नाहीं. लेखक आपली मुंबईविषयींची तळमळ सांगतो तेव्हां तो थांबून ऐकतो. दिग्दर्शक चिडतो तेव्हां त्यास चिडूं देतो. आणि ऐन चित्रणाच्या धांदलींत नायकाचेंच लग्न निघतें, तेव्हां त्या गोंधळांतला आनंदही टिपून घेतो. आपण हंसतों, परंतु हंसण्याची खूण त्या माणसांनींच आधीं केलेली असते.

यानंतर सतरा वर्षांनीं, ता. २८ फेब्रुवारी २०२५ रोजीं, रीमा कागती यांचा 'सुपरबॉइज ऑफ मालेगांव' हा कथापट चित्रपटगृहांत आला. लेखन वरुण ग्रोव्हर यांचें. आदर्श गौरव नासिरच्या, विनीतकुमार सिंग फरोगच्या आणि शशांक अरोरा शफीकच्या भूमिकेंत आहेत. चित्रपट नेटका आहे, अभिनय संयत आहे. मित्रांमधील मान-अपमान, विशेषतः कथा लिहिणाराला नांव न मिळाल्याची खंत, त्यांत समरसतेनें मांडली आहे. लेखकाच्या नांवाचा प्रश्न हिंदी चित्रपटांत इतक्या उघडपणें क्वचितच आला असेल, आणि त्याबद्दल या चित्रपटाचें अभिनंदनच केलें पाहिजे. तथापि एका ठिकाणीं या कथापटानें जो बदल केला आहे, त्याविषयीं आमचें मत वेगळें आहे.

कथापटांत शफीक असाध्य रोगानें ग्रासला जातो, आणि त्याची हौस पुरी व्हावी म्हणून दुरावलेले मित्र पुन्हा एकत्र येऊन त्यास सुपरमॅन करतात. प्रसंग हृदयद्रावक आहे. प्रेक्षकांचे डोळे पाणावतात. प्रत्यक्षांतील क्रम निराळा होता. अनुबोधपटांत दिसणारे शफीक शेख हे लग्नाच्या आनंदांत असलेले, हंसतमुख तरुण आहेत. तोंडाच्या कर्करोगानें ते गेले हें खरें, परंतु तें २०११ सालीं. तेव्हां तें चित्रण होऊन वर्षें लोटलीं होतीं. त्यांच्यावरील अनुबोधपट चित्रपटगृहांत लागला, तोही पाहावयास ते उरले नव्हते. कथाकाराला घटनांचा क्रम बदलण्याचा अधिकार असतो, हें आम्हांस मान्य आहे. ऐतिहासिक नाटकें लिहिणारांनीं तो नेहमींच घेतला आहे. परंतु या बदलानें काय झालें तें पाहावें. जी भूमिका एका तरुणाला त्याच्या अंगच्या गुणांमुळें मिळाली, ती आतां मित्रांनीं दयेनें दिलेली देणगी झाली. ज्यानें हिरव्या कापडापुढें तोलून राहून, पाण्यांत उतरून, लग्नाच्या गडबडींतून पुन्हा कामावर येऊन आपलें काम केलें, तो नट पुसला जाऊन त्या जागीं एक रोगी आला. आपण रडलों, आणि रडतां रडतां त्याच्या हातून त्याचें काम काढून घेतलें. हंसणाऱ्या प्रेक्षकाच्या कींवेविषयीं वर लिहिलें. रडणाऱ्या प्रेक्षकाची कींवही तिचीच बहीण आहे, आणि ती अधिक मोहक असल्यामुळें तिच्यापासून अधिक सावध राहिलें पाहिजे.

यांत आणखी एक विचार करण्यासारखी गोष्ट आहे. मालेगांवचा चित्रपट थोडक्या पैशांत झाला. त्याच्या दारिद्र्याचें चित्र काढण्यास मात्र मुंबईच्या व्यवसायानें मोठा खर्च केला. सायकलीवरून घेतलेलें दृश्य पुन्हा घेण्यासाठीं महागडीं यंत्रें आलीं, आणि मागवाल्याच्या भूमिकेंत शिकलेले, कसलेले नट आले. हें अन्यायाचें आहे असें आमचें म्हणणें नाहीं. एका गांवच्या गोष्टीला देश आणि परदेश दिसला, हा लाभच. परंतु या सर्वांतून मूळ चित्रपट पाहावा असें कितीजणांस वाटलें? त्याच्याविषयींचा अनुबोधपट पाहिलेले पुष्कळ, अनुबोधपटानंतरचा कथापट पाहिलेले त्याहून पुष्कळ. आणि ज्याच्यामुळें हें सारें झालें तो 'मालेगांव का सुपरमॅन' मात्र बहुतेकांनीं ऐकून ठाऊक असलेला. साहित्यांत असें झालें असतें, म्हणजे मूळ काव्य बाजूला पडून टीकाग्रंथ व टीकेवरील कादंबरी तेवढी खपली असती, तर आपण काय म्हटलें असतें?

इकडे मालेगांवांतून आणि एकंदर खानदेशांतून आतां लहान लहान विनोदी पट निघतात, ते मोबाइल फोनवर कोट्यवधि वेळां पाहिले जातात. व्हिडिओगृहें गेलीं, व्हीसीआर गेले. हिरव्या कापडाची युक्ति आतां शाळकरी मुलाच्या खिशांतील यंत्रांतही आहे. साधनांची टंचाई पुष्कळ कमी झाली. टंचाई उरली आहे ती दोन गोष्टींची: क्योतोच्या मंडळीपाशीं असलेल्या तालमीची, आणि ज्यानें जें केलें तें त्याच्या नांवावर मांडण्याच्या सचोटीची. पहिली कलावंतांनीं भागवावयाची आहे. दुसरी बऱ्याच अंशीं आपण प्रेक्षकांनीं आणि लिहिणारांनीं. तेव्हां मालेगांवच्या या चित्रपटाची यादी ज्यांस करावयाची असेल, त्यांनीं ती सरळ करावी. दिग्दर्शक नासिर शेख. कथा फरोग जाफरी. खलनायक अक्रम खान. आणि शफीक शेख यांचें नांव लिहावयाचें तें, त्यांच्या मृत्यूची हकीकत पुढें न जोडतां, 'नट' या सदराखालीं लिहावें.